हलगी, माईक आणि 'शुद्ध' आवाज

(बंगळूरच्या महादेवपुरा भागात नोकरी-शिक्षणासाठी आलेल्या मराठी मुलामुलींच्या रविवारच्या वाचन-बैठकीत केलेलं भाषण. बोलताना झालेली पुनरुक्ती काढली आहे, बाकी बोलणं तसंच ठेवलं आहे.)



आधी माफी मागते. पंखा मीच बंद करायला लावलाय. हे बोलणं मोबाईलवर रेकॉर्ड होतंय आणि या खोलीतला पंखा असा कुरकुरतो की उद्या ऐकणाऱ्याला मी कमी आणि पंखा जास्त ऐकू येईल. खिडकीही लावून घेतली, कारण खालच्या रस्त्यावरच्या रिक्षा आणि टँकर कुणाचं ऐकत नाहीत. तेव्हा तुम्ही घाम पुसत बसलाय, मला दिसतंय. पण विषयाला धरून सांगायचं तर भारतातला पहिला बोलपटही असाच हाल काढून झाला होता.

'आलम आरा'. १४ मार्च १९३१ ला मुंबईत गिरगावच्या मॅजेस्टिक थिएटरात लागला. अर्देशिर इराणींच्या इंपीरियल कंपनीचा सिनेमा. त्यांच्या स्टुडिओजवळून रेल्वेची लाईन जात होती. मूकपट करताना गाडी गेली काय आणि थांबली काय, कुणाला फरक पडत नव्हता. आता कॅमेऱ्याच्या जोडीला माईक आला आणि गाडीची शिट्टी अडचण झाली. मग गाड्या थांबल्या की रात्री एकच्या पुढे शूटिंग करायचं, पहाटे गुंडाळायचं. माईक नटांच्या आसपास कुठेतरी लपवायचे. यंत्र असं होतं की चित्र आणि आवाज एकाच फिल्मवर एकाच वेळी उमटत. एक शब्द चुकला तर तेवढाच काढून सुधारायची सोय नव्हती. आज त्या सिनेमाची एकही प्रत शिल्लक नाही. ज्या आवाजासाठी इतकी माणसं जागली, तो आवाज आपण ऐकू शकत नाही.

पण मला त्यातली एक वेगळीच गोष्ट सांगायची आहे. सिनेमाचा नायक होता मास्टर विठ्ठल. मराठी माणूस, मूकपटांतला मोठा नट, तलवारबाजी आणि हाणामारीसाठी प्रसिद्ध. या सिनेमासाठी तो आधीच्या कंपनीचा करार मोडून आला, कोर्टकज्जा झाला, आणि त्याची बाजू बॅरिस्टर जिनांनी मांडली. म्हणजे नटाचा भाव काय होता ते बघा. पण तोंड उघडायची वेळ आली तेव्हा त्याचं हिंदी-उर्दू चालेना. उच्चार बसेनात. तर सिनेमाच्या इतिहासात असं सांगितलं जातं की म्हणूनच त्याचं पात्र बराच वेळ गुंगीत, अर्धवट शुद्धीत दाखवलं. पहिल्या बोलपटाचा नायक, आणि त्याला बोलू द्यायचं नाही!

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा हसले होते. नंतर हसू गेलं. एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला मी एका चर्चासत्रात पेपर वाचला. बार्शीकडच्या एका गावातून मी आलेली, पुण्यामुंबईकडच्या विद्यापीठांची सवय नाही. पेपर पाणीवाटप आणि जात यावर होता, त्यामुळे 'पाणी' हा शब्द पन्नास वेळा आला असेल आणि मी पन्नास वेळा 'पानी' म्हणाले असेन. प्रश्नोत्तरांत एका ज्येष्ठ बाईंनी, फार प्रेमाने, पहिला मुद्दा तोच काढला. "बाळ, न आणि ण कडे लक्ष दे, तुझा पेपर चांगला आहे." सभागृह हसलं. पेपरवर एकही प्रश्न आला नाही. पुढचं सहा महिने मी वर्गात जिथे 'ण' येईल ते वाक्यच टाळत होते. 'आणि' कसं टाळायचं सांगा बरं! तेव्हा मी मास्टर विठ्ठलसारखी गुंगीतच होते.

तुमच्यातल्या ज्यांना इथे कंपनीत जॉईन झाल्या-झाल्या बोलण्याची पद्धत 'न्यूट्रल' करायचं ट्रेनिंग दिलं गेलं, त्यांना वेगळं सांगायला नको.

तर माझं आजचं म्हणणं एवढंच आहे. माईक समोर आला की कुणालातरी ठरवावं लागतं की यातला कामाचा आवाज कोणता आणि गोंगाट कोणता. मी पंखा बंद केला, तो निर्णय सोपा होता. रेल्वेची शिट्टी नको, हेही समजतं. पण माणसांच्या आवाजावर, बोलीवर, वाद्यावर असा निर्णय होतो तेव्हा तो यंत्र करत नाही. तो ज्याच्या कानावर हेडफोन आहे तो करतो, आणि तो कान कुठल्यातरी घरात, कुठल्यातरी आळीत वाढलेला असतो.

'आलम आरा'नंतर वर्षाच्या आत, १९३२ च्या फेब्रुवारीत, 'अयोध्येचा राजा' आला. प्रभात कंपनीचा, मराठीतला पहिला बोलपट. तेव्हा प्रभात कोल्हापूरला होती, १९३३ ला पुण्यात आली. प्रभातच्या लोकांना ध्वनीची विलक्षण जाण होती, हे मी मनापासून सांगते. शांतारामांचा १९३७ चा 'कुंकू' तुम्ही पाहिला नसेल तर मोबाईलवर का होईना पाहा. म्हाताऱ्याशी फसवून लग्न लावून दिलेली मुलगी, आणि ती ते लग्न मान्य करत नाही. त्या सिनेमाला पार्श्वसंगीत नाही. १९३७ सालात! जे ऐकू येतं ते त्या घरातलंच. भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक म्हाताऱ्याच्या वयाची आठवण करून देत राहते. गाणं हवं असेल तर पात्र स्वतः गातं किंवा ग्रामोफोन लावतं. आज आपल्या सिरियलमध्ये सून वळली तरी तीन वेळा ढण्ण वाजतं, त्याच्या पुढे हा सिनेमा ठेवून बघा.

'संत तुकाराम', १९३६, त्याचं व्हेनिसच्या महोत्सवात कौतुक झालं, हे सगळ्यांना ठाऊक असतं. लोक विष्णुपंत पागनीसांच्या अभंगांबद्दल बोलतात. मला त्यात गौरीबाईंनी केलेली जिजाई ऐकायला आवडते. तिचा चिडका, थकलेला, घरात दाणा नाही म्हणून वर चढलेला आवाज. आमच्या आईचा आवाज महिनाअखेरीला असाच व्हायचा.

पण प्रभातचं स्टुडिओतलं जग बाहेरच्या आवाजाला दार बंद करूनच उभं राहिलेलं होतं, तंत्रासाठी आणि तंत्राच्या पलीकडेही. १९३५ ला त्यांनी 'धर्मात्मा' काढला. संत एकनाथांवर, अस्पृश्यतेच्या प्रश्नावर, बालगंधर्व एकनाथ झालेले. सिनेमाचं आधीचं नाव 'महात्मा', सेन्सॉरने ते बदलायला लावलं. त्याच वर्षी ऑक्टोबरात बाबासाहेबांनी येवल्याला धर्मांतराची घोषणा केली. एकीकडे अस्पृश्यांवर प्रेम करणारा संत आपण बालगंधर्वांच्या गळ्यातून ऐकू शकतो. दुसरीकडे येवल्याचं भाषण आपण वाचतो, ऐकत नाही. बाबासाहेबांचा जो आवाज तुमच्या मोबाईलवर फिरत असतो, तो मुख्यतः त्यांच्या शेवटच्या वर्षांतल्या बीबीसीच्या मुलाखतीचा, आणि तोही इंग्रजीतला. 'मूकनायक' काढणाऱ्या माणसाचा मराठीतला आवाज आपल्या कानाला ओळखीचा नाही. मुके कोण होते आणि माईक कुणाकडे होता, याचा हिशेब मला इथून सुरू करावासा वाटतो.

१९३५ हे आणखी एका कारणासाठी लक्षात ठेवण्यासारखं वर्ष आहे. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने 'धूप छाँव'मध्ये प्लेबॅक वापरलं. म्हणजे गाणं आधी स्टुडिओत एकाने गायचं, पडद्यावर दुसऱ्याने ओठ हलवायचे. त्याने भारतीय सिनेमाला लता दिली, रफी दिले, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण मराठी सिनेमात तमाशापट आले तेव्हा काय झालं बघा. तमाशा कुणाचा? महार, मांग, कोल्हाटी बायांनी आणि बाप्यांनी पिढ्यान्‌पिढ्या फडावर उभा केलेला. पवळाबाई, विठाबाई नारायणगावकर, ही सगळी आपली माणसं. त्यांचा गळा कसा घडला होता? माईकशिवाय, उघड्या रानात, हजारभर माणसांच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचायला. तो आवाज खरखरीत असतो, फाटतो, त्यात धूळ असते. १९७२ चा 'पिंजरा' घ्या. राम कदमांचं संगीत थोरच आहे. पडद्यावर संध्या नाचतात, गळा उषा मंगेशकरांचा. फडाचा पोषाख, फडाची ढोलकी, फडाची शिटी, सगळं घेतलं. फडावरच्या बाईचा गळा तेवढा राहिला. घराघरात जी लावणी पोचली ती रेकॉर्डिंग स्टुडिओतून आलेली, धुतलेली लावणी. उषाताई उत्तम गायल्यात, प्रश्न त्यांचा नाही. विठाबाई जिवंत होत्या, गात होत्या, त्याच वर्षांत.

आता थोडं तंत्र, पटकन. साठ-सत्तरच्या दशकांत भारतात बहुतेक सिनेमे आवाजाशिवायच शूट व्हायचे. कॅमेरा स्वतःच खडखड करायचा, बघ्यांची गर्दी असायची, शिवाय स्वस्त पडायचं. नंतर मुंबई-मद्रासच्या थंड खोलीत नट पडद्याकडे बघून आपलेच संवाद पुन्हा बोलायचे, याला डबिंग म्हणतात. पावलांचा, बांगड्यांचा, दाराचा आवाज दुसरा माणूस टेबलावर चप्पल आपटून काढायचा, ते फोली. उरलेलं गाव साठ्यातल्या आवाजांतून यायचं. त्यामुळे मराठी सिनेमातलं गाव वर्षानुवर्षं एकच वाजत राहिलं. पहाटेची काकडआरती, मोटेचं पाणी, बैलाच्या गळ्यातली घुंगरं, कोंबडा. तुम्ही ज्या वस्तीत वाढलात तिथे सकाळी काय ऐकू यायचं? आमच्याकडे नळावरच्या घागरी आणि भांडणं, डुकरं, विहारातला भोंगा, पलीकडच्या मशिदीतली अजान, आणि ऊसतोडीला निघालेल्या ट्रॅक्टरवरची गाणी. गावकुसाबाहेरचा हा आवाज साठ्यातच नव्हता, मग तो सिनेमात येणार कुठून?

२००१ च्या 'लगान'पासून जागेवरच आवाज घ्यायची पद्धत, म्हणजे सिंक साऊंड, पुन्हा चालू झाली असं म्हणतात. आवाज न करणारे कॅमेरे आले, डिजिटल रेकॉर्डर आले. आणि त्याचा परिणाम माझ्या मते तंत्राच्या लोकांना वाटतो त्याहून मोठा झाला. जागेवर आवाज घ्यायचा म्हटल्यावर ती जागा आणि तो गळा, दोन्ही घ्यावेच लागतात.

१४ फेब्रुवारी २०१४ ला 'फँड्री' लागला. मी बारावीच्या आधीच्या वर्षाला होते, सोलापुरात हॉस्टेलवर. आम्ही सात मुली गेलो. नागराज मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे, आमच्यापासून फार लांब नाही. सिनेमा सुरू झाला आणि पहिल्या दहा मिनिटांत माझ्या शेजारची मैत्रीण कानात म्हणाली, "अय, ही तर आपल्यावानीच बोलायलीत की गं." आयुष्यात पहिल्यांदा मोठ्या स्पीकरमधून आमची बोली आली होती, आणि ती विनोदासाठी नव्हती. त्याआधी सिनेमात आमच्यासारखं कोण बोलायचं? गडी, मोलकरीण, बावळट हवालदार.

'फँड्री' हा कैकाडी बोलीतला शब्द, अर्थ डुक्कर. घरातला शब्द. सिनेमात तोच शब्द गावातली पोरं जब्याच्या अंगावर शिवीसारखा फेकतात. कान देऊन ऐकलं तर त्या शेवटच्या अर्ध्या तासात दृश्यापेक्षा आवाज जास्त मारतो. डुक्कर पकडायला धावणारं सगळं घर, कडेला बसून हसणारं गाव. आणि डुक्कर टप्प्यात आलेलं असताना शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येतं. जब्या थांबतो, मग घरचे थांबतात. डुक्कर निघून जातं. तिथे कुणी काही बोलत नाही, कॅमेरा काही करामत करत नाही. जो आवाज सगळ्यांना समान म्हणून उभं करतो, तो नेमका त्याच घराला महाग पडतो. माझ्या मागे बसलेले लोक तिथे हसले. मी अजून ठरवू शकले नाही ते का हसले.

'सैराट'चं तुम्हाला सगळं पाठ आहे, म्हणून दोनच गोष्टी. एक, अजय-अतुल यांनी त्यातली सिम्फनी हॉलिवूडच्या स्टुडिओत जाऊन रेकॉर्ड केली. लोकांनी खर्चाबद्दल चर्चा केली. मला वेगळं वाटलं. मासे धरणाऱ्या घरातल्या पोराच्या प्रेमाला एवढी व्हायोलिनं मराठीत आधी कुणी दिली होती? दुसरी गोष्ट, शेवट. लहान मूल, रक्तातली पावलं, आणि आवाज काढून घेतलेला. साऊंडवाले प्रत्येक जागी शूटिंगनंतर मिनिटभर सगळ्यांना गप्प उभं करून नुसती शांतता रेकॉर्ड करतात, तिला रूम टोन म्हणतात. कारण प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते, आणि ती संवादांच्या मधे भरावी लागते, नाहीतर कानाला खड्डा लागतो. 'सैराट'च्या शेवटी तो खड्डा मुद्दाम ठेवलाय. थिएटरात आपल्याला शेजारच्याचा श्वास ऐकू येतो. अडीच तास शिट्ट्या मारून नाचलेलं थिएटर स्वतःलाच ऐकत बसतं.

'कोर्ट' २०१५ ला प्रदर्शित झाला, चैतन्य ताम्हाणेंचा. आधीच्या वर्षीच्या सिनेमांतून सर्वोत्कृष्ट म्हणून त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तो सगळा खटलाच एका आवाजावरचा आहे. लोकशाहीर नारायण कांबळे वस्तीत गाणं गातो, आणि त्या गाण्यामुळे मॅनहोलमध्ये उतरणाऱ्या कामगाराने आत्महत्या केली असा आरोप त्याच्यावर येतो. गाणी संभाजी भगत यांची. शाहीर झालेत वीरा साथीदार, नागपूरचे आपले कार्यकर्ते, 'विद्रोही'चे संपादक, २०२१ च्या एप्रिलमध्ये कोविडने गेले. मंचावर त्यांचा गळा कसा चढतो ते ऐका, आणि मग कोर्टातली ती सुस्त कुजबुज ऐका. न्यायाधीश साक्षीचं म्हणणं आपल्या शब्दांत टायपिस्टला सांगतात, आणि माणूस जे बोलला ते कागदावर जाताना कसं दुसरंच होतं. हे बघताना मला माझ्या मुलाखतींची ट्रान्सक्रिप्टं आठवली आणि लाज वाटली. आपण संशोधकही बोलीचं प्रमाण मराठी करून टाकतो, मग तिचं इंग्रजी करतो, आणि वर त्याला डेटा म्हणतो.

याच्या मागे आनंद पटवर्धनांचा 'जय भीम कॉम्रेड' ठेवायला हवा. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं गेली. काही दिवसांत शाहीर विलास घोगरे यांनी जीव दिला. पटवर्धनांच्या आधीच्या 'हमारा शहर'मध्ये हेच घोगरे गायले होते. त्यानंतर चौदा वर्षं पटवर्धन वस्त्यांमधून गाणी, भाषणं, भांडणं रेकॉर्ड करत राहिले. हा आपल्या आवाजाचा संग्रहच आहे.

आता इथल्या मातीकडे येते, कारण आपण बंगळूरला बसलोय. महादेवपुरा म्हटलं की लोकांना आयटी पार्क आणि मॉल दिसतो. पण ही विधानसभेची राखीव जागा आहे हे तुमच्या किती सहकाऱ्यांना माहीत आहे? आणि काचेच्या इमारतींच्या मागे जुनी गावं अजून आहेत, त्यांच्या देवीच्या मिरवणुका निघतात, आणि त्यात जे वाजतं त्याला इथे तमटे म्हणतात. पहिल्या वर्षी रात्री पीजीच्या खोलीत मी झोपेतून उठले ती त्या आवाजाने. वाटलं, गावाकडे आहे. तीच आपली हलगी. तमिळमध्ये परई. त्या वाद्यावरून एका जातीचं नाव पडलं आणि त्या नावावरून इंग्रजीत 'पॅरिया' म्हणजे बहिष्कृत हा शब्द गेला. एका चर्मवाद्याचा आवाज जगाच्या शब्दकोशात शिवी होऊन बसलाय.

कन्नडमध्ये १९७५ चा 'चोमन दुडि' नावाचा सिनेमा आहे. बी. व्ही. कारंतांनी केला, शिवराम कारंतांच्या १९३३ च्या कादंबरीवर. त्यालाही देशातला सर्वोत्कृष्ट सिनेमा म्हणून सुवर्णकमळ मिळालं. चोमा हा अस्पृश्य वेठबिगार. त्याला स्वतःची जमीन कसायची आहे, ती त्याला मिळत नाही. राग आला, दुःख झालं की तो दुडि वाजवतो, दुडि म्हणजे छोटा ढोल. शेवटी घराचं दार लावून तो वाजवत राहतो, मरेपर्यंत. ध्वनीच्या दृष्टीने फार ताकदीचा सिनेमा आहे, स्वतः कारंत मोठे संगीतकार होते. पण मला तो पाहताना गुदमरायला होतं. सगळा संताप ढोलात जातो आणि दाराआड विझतो. त्याच १९७५ ला सिद्धलिंगय्यांचा 'होलेमादिगर हाडु' हा कवितासंग्रह आला. दलित संघर्ष समिती नुकतीच उभी राहिलेली, पोरं तीच वाद्यं घेऊन रस्त्यावर गात होती. म्हणजे पडद्यावर चोमा दार लावत होता तेव्हा बाहेर दार उघडलेलं होतं. लिहिणारा, बघणारा सहानुभूतीने भरलेला असला तरी तो कुठे उभा आहे यावर आवाज कुठे संपतो ते ठरतं. जब्या शेवटी काय करतो आठवा. दगड उचलतो आणि आपल्याकडे, कॅमेऱ्याकडे भिरकावतो.

आता जे बोलायला मी खरं तर टाळत होते ते.

माझे आबा, वडिलांचे वडील, हलगी वाजवायचे. आम्ही मातंग. लग्न असो, जत्रा असो, कुणाची मयत असो, बोलावणं आलं की जायचं. ग्रामपंचायतीची दवंडीही तेच द्यायचे. वाजवायच्या आधी पाचट पेटवून हलगी शेकायची, कातडं ताणलं की तिचा आवाज खणखणीत होतो. एका हातात जाड टिपरू, दुसऱ्यात बारीक काडी. गावात त्यांच्या हाताची तारीफ होती आणि जेवायला पंगतीच्या बाहेर बसवायचे. माझ्या वडिलांनी, आम्ही त्यांना आण्णा म्हणतो, चौदाव्या वर्षी हलगी खाली ठेवली. एका लग्नात वाजवताना कुणीतरी त्यांच्या तोंडासमोर नोट धरली आणि ती जमिनीवर टाकून दातांनी उचलायला सांगितली. आण्णा घरी आले आणि आबांना म्हणाले, मी शाळेत जाणार. पुढे ते शिपाई झाले, मला इथपर्यंत आणलं.

आणि मी पीएचडीला विषय काय घेतला? चर्मवाद्यं वाजवणारी माणसं आणि रेकॉर्डिंगचा धंदा. फोनवर सांगितलं तेव्हा आण्णा बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "आम्ही जे टाकलं ते तू उचलायलीस व्हय?"

मी त्यांना तयार उत्तर दिलं. आण्णा, आता हलगीचा मान वाढलाय. मंजुळेंना जब्या सापडला तो हलगी वाजवताना, सोमनाथ अवघडे, साध्या घरातला मुलगा, त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०१८ च्या जानेवारीत चेन्नईत पा. रंजित यांच्या पुढाकाराने 'कास्टलेस कलेक्टिव्ह' नावाचा बँड उभा राहिला, परई मंचाच्या मधोमध. आण्णांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "वाजवणाऱ्याला किती देत्यात?"

मला माहीत नव्हतं. समाजशास्त्राची विद्यार्थिनी, आणि पहिला प्रश्न मला शिपायाने विचारला. त्यानंतर मी फील्डवर्कमध्ये तो प्रश्न सगळ्यांना विचारते. जे समजलं ते फार सुखाचं नाही. स्टुडिओत हलगी, तमटे वाजवायला बोलावलेली माणसं बऱ्याचदा दिवसाच्या रोखीवर येतात. एक ठेका अर्धा तास वाजवून घेतला की तो कॉम्प्युटरमध्ये साठवला जातो, आणि मग पुढच्या गाण्यांना माणूस लागत नाही, नुसतं बटण लागतं. एका म्हाताऱ्या वादकाने मला सांगितलं की डीजेवर लागलेल्या गाण्यात त्याने स्वतःचा हात ओळखला. त्याचं नाव कुठेच नव्हतं. तो रागावलेला नव्हता, उलट खूश होता की हात ओळखू आला. राग मलाच आला.

म्हणून मी आण्णांच्या बाजूला अर्धी आहे. वाद्य टाकणं हे आपल्या चळवळीचं मोठं काम होतं. मेलेलं ढोर ओढायचं नाही, वाजंत्री वेठीने करायची नाही, हे बोलायला हाडं लागतात. आज सिनेमात हलगी वाजली की अंगावर काटा येतो, त्या काट्याच्या भरात 'नाही' म्हणणारी ती पिढी विसरायची नाही. पण दुसरी अर्धी मी इकडे आहे. ज्याला 'नाही, आज वाजवणार नाही' म्हणता येतं, ज्याचे पैसे ठरलेले आहेत, ज्याचं नाव सिनेमाच्या शेवटी पाटीवर येतं, त्याने वाजवलेली हलगी वेगळी. ती मला हवी आहे. आणि त्या हलगीसमोर माईक धरणारा, हेडफोनवर 'हे ठेव, हे काढ' म्हणणारा कान आपल्यातला हवा. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ध्वनीचा कोर्स आहे. ती संस्था १९६० ला प्रभातच्याच आवारात सुरू झाली, आणि केंद्राची आहे, म्हणजे राखीव जागा आहेत. तुमच्या धाकट्या भावंडांना दिग्दर्शन, अभिनय माहीत असतो, हा कोर्स माहीत नसतो. फिजिक्सची आवड असलेलं पोर घरात असेल तर सांगा.

गेल्या दिवाळीला मी रेकॉर्डर घेऊन घरी गेले. आण्णांना म्हणाले, हलगी वाजवू नका, तुमची मर्जी, पण आबा दवंडी कशी द्यायचे ते म्हणून दाखवा. दोन दिवस नाही म्हणाले. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी आपणहून म्हणाले, "आन ते मशीन." मी हेडफोन त्यांच्या कानाला लावले. त्यांनी खोकून बघितलं, स्वतःचं खोकणं ऐकलं, आणि म्हणाले, "असा हाय व्हय माझा आवाज." मग उभे राहिले. बसून दवंडी देत नाहीत म्हणाले.

चार मिनिटांचं आहे. मधे शेजारचा कुकर वाजतो, आई कुणाला तरी हाक मारते, एकदा आण्णा चुकतात आणि हसतात. 'पाणी' तीन वेळा येतं, तिन्ही वेळा 'पानी' आहे. मी त्यातलं काहीही काढलेलं नाही. आता लावते. स्पीकर जरा पुढे घ्या कुणीतरी. पंखा अजून चार मिनिटं राहू द्या तसाच.